पकडलेल्या वाळूच्या गाड्यांचा हिशेब कोर्टानं घ्यावा

वाळूचा डंपर पकडला की दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो येतो, खाली 'इतक्या लाखांचा मुद्देमाल जप्त'. त्या गाडीचं पुढं काय झालं, हे कुणी छापत नाही.

आमच्या भागातल्या एका पोलीस ठाण्याच्या मागं जप्तीच्या गाड्या उभ्या आहेत. ट्रॅक्टरची चाकं चिखलात रुतलीत, बॅटरी गायब आहे, सीट उंदरांनी कुरतडलंय. ट्रॉलीत पंचनाम्यावेळची वाळू तशीच पडून आहे आणि तिच्यावर गुडघाभर गवत उगवलंय. वाळू सरकारची, ट्रॉली शेतकऱ्याची, थकलेले हप्ते फायनान्सवाल्याचे. उपयोग कुणालाच नाही.

गाड्या पकडूच नयेत असं मी म्हणत नाही. पंचगंगा-कृष्णेच्या काठावर राहणाऱ्याला उपशाचं नुकसान सांगायला लागत नाही. पात्र खरवडलं की काठ ढासळतो, मळीची जमीन डोळ्यांदेखत नदीत जाते. चोराला शिक्षा झालीच पाहिजे. खाण आणि खनिज कायद्याच्या कलम २१ मध्ये पाच वर्षांपर्यंत कैद आहे, गाडी सरकारजमा करण्याची तरतूदही आहे. पण तो आदेश कोर्टानं द्यायचा असतो. खटला न चालवता गाडी सडवायची, ही शिक्षा कुठल्याच कायद्यात नाही.

आता महसूलची बाजू. जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ प्रमाणे जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जाच्या खाली नसलेल्या अधिकाऱ्यापुढं हजर करायचं. दंड आणि बंधपत्र (बाँड) घेऊन ते सोडता येतं. वाळूच्या किमतीच्या पाचपटीपर्यंतचा दंड वेगळा. त्यात चोरीचा गुन्हा नोंदला की गाडी पोलिसांचा मुद्देमाल होते. मग तहसीलमध्ये सांगतात पोलिसांना विचारा, पोलीस सांगतात कोर्टाचा आदेश आणा, आणि कोर्टात सरकार पक्षाचं म्हणणं यायचं असतं म्हणून पुढची तारीख. ज्याच्याकडं वकील आणि ओळख आहे, तो यातून वाट काढतो. एका ट्रॅक्टरवर घर चालवणारा मात्र तिथंच अडकतो.

सर्वोच्च न्यायालयानं २००२ मध्येच सुंदरभाई अंबालाल देसाई खटल्यात सांगितलंय की जप्त वाहनं ठाण्यात पाडून ठेवण्यात काही अर्थ नाही. पंचनामा करा, फोटो काढा, बाँड आणि हमी घ्या आणि ताबा द्या. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नं तर मुदतच घातली: माल कोर्टापुढं आल्यापासून १४ दिवसांत त्याचं वर्णनपत्र, फोटो किंवा व्हिडिओ, आणि त्यानंतर ३० दिवसांत विल्हेवाटीचा आदेश. इतकं स्पष्ट लिहिलेलं असताना गाड्यांवर गवत का उगवतंय?

माझं मत सरळ आहे. मालकानं अर्ज करायची वाट न बघता दंडाधिकाऱ्यांनी दर महिन्याला प्रत्येक ठाण्याकडून यादी मागवावी: गाडी कधी पकडली, कोर्टाला कधी कळवलं, फोटो झाले का, ताबा कुणाकडं. पहिल्यांदा सापडलेली गाडी कडक अटींवर सोडावी: विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची. तीच गाडी पुन्हा उपशात सापडली तर बाँडची रक्कम वसूल करावी आणि सरकारी बाजूनं गाडी सरकारजमा करण्यासाठी जोर लावावा. सोडलेल्या गाड्या पुन्हा घाटावर दिसतात त्या या पाठपुराव्याअभावीच, आणि तिथं दया दाखवायचं कारण नाही.

ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, कोल्हापुरात बसतंय. त्यासाठी इथल्या वकिलांनी आणि लोकांनी किती वर्षं आंदोलनं केली, ते सगळ्यांनी बघितलंय. सहा जिल्हे त्याच्याखाली येतात, भीमाकाठचं सोलापूरही त्यातच. या सहा जिल्ह्यांतल्या जप्त गाड्यांची यादी बेंचनं एकदा मागवावी, यासाठी बार असोसिएशननं अर्ज करावा. वकील मित्रांनो, मसुदा तयार असेल तर कळवा. माझ्या तालुक्यातल्या ठाण्यांची माहिती मी माहिती अधिकारात काढून देतो.