संतोषी मातेवरचा वाद आणि न वाचलेला लेख

'जय संतोषी माँ' या हिंदी सिनेमावर एका अमेरिकन प्राध्यापकानं लिहिलंय असं कळलं, की आपल्याकडे ठरलेला वाद पेटतो. एक गट म्हणतो, गोऱ्यांना आमच्या देवीतलं काय कळणार? दुसरा म्हणतो, १९७५च्या सिनेमानं जन्माला घातलेली देवी, तिचा कसला अभ्यास! इथे परदेशात बसून हे वाचताना चीड येते, कारण मूळ लेख दोघांनीही उघडलेला नसतो.

फिलिप लुटगेनडॉर्फ आयोवा विद्यापीठात हिंदी शिकवत. त्यांचा हा लेख २००२ साली दिल्लीच्या 'मानुषी'त आला, म्हणजे बायकांच्या प्रश्नांवरच्या आपल्याच नियतकालिकात. सिनेमाबरोबर त्यांनी व्रतकथेची स्वस्त पोथीही वाचली. देवी सिनेमाच्या आधीपासूनची आहे. ती गणपतीची मुलगी, हे नातं मात्र पोथीत नाही, ते सिनेमानं जोडलं.

पोथी नीट वाचा. सात भावांतल्या धाकट्याला आई सहा जणांच्या उष्ट्याचा लाडू वाढते. ते कळल्यावर तो परदेशी जातो. मागे राहिलेल्या बायकोला कोंड्याची भाकरी आणि नारळाच्या करवंटीतून पाणी. लाकडं आणायला गेलेली असताना तिला व्रत करणाऱ्या बायका दिसतात. गूळ-चणे, शुक्रवार, आंबट वर्ज्य, एवढंच. भटजी लागत नाही, सासूकडे पैसे मागावे लागत नाहीत. उद्यापनाला आठ मुलगे जेवतात. जावांनी शिकवून पाठवलेली मुलं दक्षिणा म्हणून मिळालेल्या पैशांची चिंच आणून खातात, व्रत मोडतं आणि राजाचे शिपाई नवऱ्याला धरून नेतात. सिनेमात जावा जेवणातच आंबट कालवतात आणि वर स्वर्गात थोरल्या देवी या नव्या देवीवर जळतात. सासुरवास वर-खाली सारखाच. श्रावणी शुक्रवारच्या कहाणीत भावाच्या पंगतीतून उठवलेली गरीब बहीण ज्यांनी ऐकलीय, त्यांना हे परकं वाटायला नको.

हे व्रत इथेही चालतं. शुक्रवारी दुपारी मुलं शाळेत, म्हणून उद्यापन संध्याकाळी. डब्यातल्या चण्यांवरचं लेबल वाचावं लागतं, सायट्रिक अ‍ॅसिड असेल तर ते आंबटच. कोरडे काळे चणे आदल्या रात्री भिजवलेले बरे. सावरडो, म्हणजे आंबवलेल्या पिठाचा पाव, चालत नाही. प्रसाद घेणाऱ्यानंही त्या दिवशी आंबट खायचं नसतं, त्यामुळे ऑफिसात वाटला तर पंचाईत, केचप सगळीकडे. दुसऱ्या उद्यापनाला पोथीतली सून दक्षिणा म्हणून फळ देते, पैसे नाही. इथल्या बायका पहिल्यापासूनच केळं देतात.

इथल्या विद्यापीठात या व्रतावर गंभीरपणे बोलता येतं, आपल्याकडे शिकलेली माणसं त्याला हसतात, असं मी अभिमानानं सांगते. तसं म्हणताना आपल्याकडच्या समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगेंचं लावणीवरचं काम मी सोयीनं बाजूला ठेवते, हेही खरं. पण 'बाहेरच्यांनी बोलू नये' हे वाक्य आता मलाही लागू होतं आणि ते मला मान्य नाही. लुटगेनडॉर्फ हिंदी शिकून आत आले. मी मराठीत जन्मले, तरी गावाकडच्या चर्चेत माझ्या मताआधी माझा पत्ता मोजला जातो. त्या पोथीतल्या सुनेबद्दल बोलायला मला कुणाची परवानगी का लागावी?