‘गोव्यात कसला आलाय एकटेपणा?’ या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. गोव्यातल्या फ्लॅटमधल्या एकटेपणावरच्या माझ्या लेखावर ‘लेखिकाबाईंना रिकामा वेळ बराच दिसतो’ अशी सुरुवात करून तुम्ही मुद्दे मांडलेत. मुद्द्यांना ही सुरुवात कशाला हवी होती? आपली ओळखदेख नाही. मतभेद असू द्या, पण हा सूर मला झोंबला, आणि ते मी लपवणार नाही.

एक चूक कबूल. पोदेर, म्हणजे दारोदार पाव विकणारा, संध्याकाळीही येतो, मी फक्त सकाळचा लिहिला. दुरुस्त केलंय.

आता तुमचं वाक्य: ‘इथे सगळे सगळ्यांना ओळखतात, हा मुंबईचा रोग गोव्यात आणू नका.’ अहो, २०११च्या जनगणनेतच गोव्याची ६२ टक्के वस्ती शहरी होती, देशातल्या कुठल्याही राज्यापेक्षा जास्त. तुमच्या डोळ्यांसमोर आहे तो बाल्कांवात, म्हणजे घरापुढच्या बाकांच्या ओसरीत, बसलेला गोवा. पर्वरीतल्या फ्लॅटला कुठला बाल्कांव? सेफ्टी डोअरच्या जाळीला रात्रीच कापडी पिशवी अडकवलेली असते. पोदेर सकाळी येतो, चार उंडे टाकतो, जातो. पैसे महिन्याचे, तेही फोनवरून. वर्षभर पाव खाल्ला, देणाऱ्याचा चेहरा माहीत नाही. पोदेराचा भोंपू रोज वाजतो, म्हणूनच ऐकू येईनासा होतो. बारा वर्षं सोसायटीची कमिटी सांभाळतेय मी, असल्या पिशव्या मोजून दाखवीन. तुम्ही किती जिने चढलात?

आणि ‘दिनक्रम मोडा’ असं मी कुठेही लिहिलेलं नाही. रोज वेगळी वेळ धरली तर रोज वेगळे चेहरे, मग ओळख व्हायची कशी? वेळ रोज एकच ठेवायची, फक्त जाळीवरची पिशवी काढायची. संध्याकाळी भोंपूच्या पाच मिनिटं आधी खाली उतरायचं, सुटे पैसे घेऊन, फोन घरी ठेवून. पोदेराला घाई असते, त्याला अडवू नये. बोलायचं ते शेजारी उभ्या असलेल्याशी. पहिला आठवडाभर कुणी मान वर करत नाही, आणि तिथेच बहुतेकांची पिशवी पुन्हा जाळीवर जाते. तुमचं ‘२१ दिवसांत सवय लागते’ इथेच घात करतं. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या फिलिपा लॅली यांच्या अभ्यासात सवय अंगवळणी पडायला साधारण ६६ दिवस लागले. कुणाला १८, कुणाला कितीतरी जास्त. बाविसाव्या दिवशी आपलंच काही चुकतंय असं वाटून माणूस परत दार लावून बसतो.

मोबाइल, नोकऱ्या, बाहेरचे भाडेकरू हे तुमचे बाकीचे मुद्दे माझ्या लेखाचे विषयच नव्हते. पुढच्या वेळी ‘लेखिकाबाई’ वगळून लिहा, त्यांचंही उत्तर देईन.