‘नावं बदलली, बाकी सगळं तेच’ म्हणणाऱ्या वाचकाला उत्तर

नमस्कार. सोव्हिएत लाल सैन्यातल्या हुद्द्यांवरच्या लेखाखाली तुम्ही लिहिलंय की १९१७ साली हुद्दे काढले हा निव्वळ प्रचार, कमांडर होता तो कमांडरच राहिला, आणि १९४३ ला खांद्यावरच्या पट्ट्या परत आल्या कारण स्टॅलिनला झारसारखं मिरवायचं होतं. तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत म्हणून मीही जरा सविस्तरच लिहितो.

हुकूम देणारा माणूस राहिला, यावर वादच नाही, त्याशिवाय सैन्य चालत नाही. पण हुद्दा वेगळा आणि पद वेगळं. झारचा कर्नल रेजिमेंट काढून घेतली तरी कर्नलच, रिटायर झाला तरी कर्नलच. डिसेंबर १९१७ च्या हुकुमाने नेमकं हेच काढलं, हुद्दे, बिल्ले, पट्ट्या, सॅल्यूट, सगळं. वर कमांडर सैनिकांनी निवडून द्यायचे असंही ठरलं, ते मात्र काही महिन्यांतच बंद पडलं. शापोश्निकोव्ह झारच्या सैन्यात कर्नल होता, १९१८ ला तो लाल सैन्यात आला तेव्हा त्या कर्नलपणाला काडीची किंमत नव्हती, जे पद मिळेल तेवढाच तो. जानेवारी १९१९ ला बाहीवर खुणा आल्या, खालच्यांना त्रिकोण, मधल्यांना चौकोन, ब्रिगेडपासून वर शंकरपाळ्याच्या आकाराच्या, पण त्या पदाच्या खुणा होत्या, पद गेलं की उतरवायच्या. याला नुसतं नाव बदलणं कसं म्हणायचं? १९२४ ला के-१ ते के-१४ अशा कॅटेगऱ्या पाडल्या आणि उतरंड पुन्हा ठळक झाली, तिथून पुढे तुमचं म्हणणं मला बरंचसं पटतं.

मला स्वतःला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो सप्टेंबर १९३५ चा हुकूम, आणि तुमच्या कमेंटमध्ये त्याचा उल्लेखच नाही. त्यात लेफ्टनंट, कॅप्टन, मेजर, कर्नल परत आले पण जनरल म्हणायची हिंमत झाली नाही, म्हणून वर कोमब्रिग, कोमदिव, कोमकोर अशी पदांचीच नावं हुद्दे म्हणून लावली. म्हणजे कोमदिव, शब्दशः डिव्हिजनचा कमांडर, पण त्याच्या हाताखाली डिव्हिजन असेलच असं नाही, तो अकादमीत शिकवतही असेल! हुद्दा माणसाला चिकटला तो इथे. आणि त्याच हुकुमात असंही होतं की अशा अधिकाऱ्याला संरक्षण खात्याच्या कोमिसारच्या, म्हणजे मंत्र्याच्या, खास परवानगीशिवाय अटक करता येणार नाही. दोनच वर्षांत स्टॅलिनने सैन्यातल्या अधिकाऱ्यांच्या अटकांचा आणि फाशी-गोळ्यांचा सपाटा लावला, ते आपल्याला माहितीय. कोमिसार होता वोरोशिलोव्ह, आणि तो परवानग्या देत गेला. नोव्हेंबर १९३५ ला नेमलेल्या पहिल्या पाच मार्शलपैकी तुखाचेव्हस्की आणि येगोरोव्हला गोळ्या घातल्या, ब्ल्यूखेर कोठडीत मेला. हे वाचताना मला अजूनही त्रास होतो, आणि म्हणूनच ‘बाकी सगळं तेच’ हे वाक्य मला खटकलं.

जनरल परत आले मे १९४० मध्ये, फिनलंडच्या युद्धात हात पोळल्यावर.

आता १९४३. पट्ट्यांचा हुकूम ६ जानेवारीचा, म्हणजे स्टालिनग्राडची लढाई अजून चालू होती. त्याआधी जुलै १९४२ ला सुवोरोव्ह आणि कुतुझोव्ह या झारच्या काळातल्या सेनापतींच्या नावाने पदकं सुरू झाली, आणि ऑक्टोबरमध्ये राजकीय कोमिसारांचा (कमांडरसोबत नेमलेल्या पक्षाच्या माणसांचा) दुहेरी अधिकार काढून पूर्ण सत्ता कमांडरच्या हातात दिली. माझ्या मते पट्ट्या याच ओळीत बसतात, एकट्या कमांडरचा शब्द चालणार तर तो लांबून ओळखू यायला हवा. ‘ऑफिसर’ हा शब्दही अधिकृत वापरात तेव्हाच परत आला. यादवी युद्धात बोल्शेव्हिकविरोधी गोऱ्या सैन्याच्या ज्या सोनेरी पट्ट्यांविरुद्ध लोक लढले, तशाच पट्ट्या आता त्यांच्यातल्याच जुन्या माणसांनी स्वतःच्या खांद्यावर लावायच्या होत्या, ते किती जड गेलं असेल याचा विचार करा. आणि तरी साधा शिपाई कागदोपत्री १९४६ पर्यंत ‘लाल सैनिक’च होता, म्हणजे सगळं एका फटक्यात झारचं झालं असंही नाही.

मिरवण्याचा मुद्दा तुम्ही जून १९४५ ला स्टॅलिनने घेतलेल्या जनरलिसिमो या मार्शलच्याही वरच्या हुद्द्याला लावलात तर मी तुमच्या बाजूने आहे. १९४३ ला मात्र तो लागू पडत नाही.