फोटो उघड, फोटो बंद

आखाजीला ताई माहेरी आली आहे, सोबत भाचा. बाहेर चव्वेचाळीस अंश, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नाही. आई आणि ताई मागच्या पडवीत खापरावर मांडे भाजताहेत, आणि हा पठ्ठ्या चार दिवसांपासून मधल्या खोलीत पडदे ओढून, कूलर तोंडावर घेऊन लॅपटॉपवर 'सायलेंट हिल २' हा भीतीचा गेम खेळतोय. नवा, २०२४ साली परत बनवलेला.

मला किती आनंद झाला होता सांगू! आपल्या घरात, आपल्या रक्तात, कुणीतरी सायलेंट हिल खेळतंय. आज सकाळी चहा घेऊन हळूच जाऊन शेजारी बसलो. पाच मिनिटांत डोकं फिरलं.

मांडीवर मोबाइल आणि मोबाइलवर तक्ता. या खेळाला वेगवेगळे शेवट आहेत, त्यातल्या कुठल्या शेवटासाठी काय करायचं याचा. चाकू बघायचा नाही. तब्येत खाली आली की लगेच औषध घ्यायचं. मारियाच्या फार जवळ राहायचं नाही. बायकोचा फोटो मधून मधून बघायचा. आणि हा काय करतोय? फोटो उघड, फोटो बंद. उघड, बंद. उघड, बंद. ओटीपी आला का बघतात ना, तसं. मेलेल्या बायकोचा फोटो आहे रे तो!

"मामा, याचे पॉइंट मिळतात. मला चांगला शेवट काढायचाय."

'काढायचाय' म्हणे. जसा सातबारा काढायचाय.

मी काही बोललो नाही, चहा तिथेच ठेवून उठलो. तेव्हापासून आत खदखदतंय, म्हणून हे लिहितोय. ज्यांनी हा खेळ खेळलेला नाही आणि खेळायचा आहे, त्यांनी इथेच थांबा. पुढे सगळं फोडणार आहे. २००१ पासून वेळ होता तुम्हाला.

तर गोष्ट अशी. जेम्स नावाचा माणूस. त्याला बायकोचं, मेरीचं पत्र येतं की आपल्या त्या गावात ये, मी वाट बघते आहे. आणि ती तर तीन वर्षांपूर्वी आजारपणात गेलेली. हा जातो. गाव धुक्यात, माणूस दिसत नाही, जे दिसतं ते माणूस नसतं, ते जवळ आलं की खिशातला रेडिओ खरखरतो. शेवटाकडे कळतं की मेरी आजाराने गेलीच नव्हती. यानेच तिच्या तोंडावर उशी दाबली होती.

आता हा पुढे काय करणार? एखादी लहान मुलगी हाताशी धरून गावातून निघून जाणार, की मारिया नावाच्या, मेरीसारख्याच दिसणाऱ्या बाईसोबत जाणार, की गाडी घेऊन तळ्यात जाणार? पहिल्या खेपेला हे तीनच. आणि हे खेळ तुम्हाला विचारत नाही. कुठेही दोन बटणं येत नाहीत. तुम्ही त्या माणसाला अख्खा वेळ कसं वागवलंत ते खेळ गुपचूप बघत असतो. लागलेलं असताना औषध घेतलंत की तसेच फिरत राहिलात? अँजेला नावाच्या मुलीकडून आलेला चाकू खिशातून काढून परत परत बघितलात का? मारियाला मागे टाकून पळालात की ती येईपर्यंत थांबलात? सगळं कुठेतरी जमा होतं, आणि तुम्हाला पत्ता नसतो. या खेळाची सगळी कमाई त्या पत्ता नसण्यात आहे. हे तुम्हाला मी काय सांगायचं!

आता माझं सांगतो.

२००७. अमळनेर. एका दोस्ताच्या घरी एमएससीआयटीच्या नावाखाली कॉम्प्युटर घेतलेला. सीडी कुठून आली ते विचारू नका. धुकं काय असतं ते आम्हाला कुठे माहीत! आम्ही बघितलेलं धुकं म्हणजे वावरात पऱ्हाटी जाळल्याचा धूर. इंग्रजीची बोंब. खेळातल्या एका बिल्डिंगमधलं नाण्यांचं कोडं, नाण्यांवर म्हातारा, साप आणि कैदी, शब्दकोश घेऊन दोन दिवस सोडवलं. आणि वरून लोडशेडिंग. आम्हाला सेव्ह करायची एकच रीत माहीत, ठरलेल्या ठिकाणी लाल चौकोन असतो, तिथेच. लाइट जायची वेळ भिंतीवर पेन्सिलने लिहून ठेवलेली आणि आम्ही घड्याळाकडे बघत लाल चौकोन शोधत पळतोय. त्या राक्षसांची कसली भीती, आमची भीती वीज मंडळाची.

त्या खेळात हेल्थ ड्रिंकच्या बाटल्या सापडतात. प्यायल्या की तब्येत सुधारते. मी पीतच नव्हतो. जेम्सचा जीव कंठाशी आलेला, यादी उघडली की त्याच्या चित्रावर लाल लाल, दोस्त ओरडतोय, "पाज ना त्याले एखादी!" आणि मी म्हणायचो, "राहू दे, पुढे लागी." पुढे नेहमीच काहीतरी मोठं असणार, मग तेव्हा काय करायचं? असं करत करत खेळ संपला तेव्हा माझ्याकडे एकतीस बाटल्या आणि वरच्या औषधांचे डबे उरले होते. एकतीस. मोजल्या होत्या मी, अभिमानाने.

आणि शेवट कुठला आला? पाण्यातला. गाडी दिसतही नाही. फक्त इंजिनाचा आवाज, मग काही नाही, मग मेरीचं पत्र. आम्ही दोघं बसून राहिलो. दोस्त म्हणाला, "आपण हरलो का रे?" मला वाटलं कुठलं तरी बटण चुकलं.

तीन वर्षांनी होस्टेलवर इंटरनेट मिळालं तेव्हा कळलं. जो माणूस स्वतःच्या जखमांकडे बघत नाही, औषध जवळ असून घेत नाही, त्याला जगायची इच्छा उरलेली नाही असं खेळ धरून चालतो. मला इतका राग आला होता म्हणून सांगू! अरे, मला मरायचं नव्हतं. मी बचत करत होतो! ज्यांनी हा खेळ बनवला त्यांना आमची घरं कुठे माहीत? आमच्याकडे शर्ट नवा असताना पेटीत आणि विटल्यावर अंगावर. पाहुण्यांची गादी आयुष्यभर पाहुण्यांची. जपून ठेवणं म्हणजे मरणाची ओढ, असा अर्थ खान्देशात लावायला गेलात तर अख्खं खान्देश तळ्यात जाईल.

(आई जेवायला बोलावते आहे. आलोच.)

आलो. आमरस जास्त झाला, राग जरा उतरला आहे, पण पूर्ण नाही.

जेवताना भाच्याने वाद घातला. म्हणे, आता किती खेळांत वेगवेगळे शेवट असतात, त्यात एवढं काय? असतात की. 'रेसिडेंट इव्हिल ७', २०१७ चा. ऐन मोक्याला औषधाची एकच सुई उरते आणि समोर दोघी, मिया नि झोई. कुणाला देता? दाबा बटण. ही निवड आहे? ही तर कौन बनेगा करोडपतीची लॉक किया जाए झाली. 'अंटिल डॉन', २०१५. आठ पोरं डोंगरावर, सगळी वाचू शकतात, सगळी मरू शकतात. चांगला खेळ आहे, मान्य, त्यात ते हातातलं कंट्रोलर अजिबात न हलवता धरायचं ते तर भारीच. पण काही निवडलं रे निवडलं की पडद्यावर फुलपाखरं उडतात. म्हणजे खेळ कानात येऊन सांगतो, मालक, नोंद झाली बरं का. मालक लगेच सावध! कोणी बघतंय म्हटल्यावर सगळेच चांगले वागतात. वर्गात मास्तर असताना कोण गोंधळ घालतं?

त्यापेक्षा १९९९ चा पहिला सायलेंट हिल बघा. हॉस्पिटलात जमिनीवर लाल पाणी सांडलेलं दिसतं. स्वयंपाकघरातली प्लॅस्टिकची बाटली उचललेली असेल तर ते भरून घेता येतं. घ्या म्हणून कोणी सांगत नाही. नाही घेतलंत तरी खेळ पुढे चालतोच. पण खूप पुढे ती पोलीसबाई, सिबिल, तुमच्यावर चालून येते तेव्हा ते पाणी खिशात असलं आणि तिच्यावर टाकलं तर ती वाचते, नसलं तर तिला मारावं लागतं. आणि 'मेट्रो २०३३', तो २०१० चा. तिथे बंदुकीची गोळी हेच चलन. स्टेशनात भिकारी बसलेले असतात, गोळी दिली, लोकांचं बोलणं थांबून ऐकलं, की आत कुठेतरी पुण्य जमा होतं आणि त्यावर शेवट ठरतो. एक हलका आवाज येतो, नाही असं नाही, पण तो कशाचा हे कोण सांगणार? (मी तिथेही एक गोळी दिली नव्हती. पुढे लागी.)

भाचा म्हणाला, "मग कळणार कसं?"

नाही कळणार! तेच तर! आयुष्यात कळतं का?

हां, आता एक कबूल करतो, नाहीतर खाली कॉमेंटमध्ये ताईच येऊन लिहील. पोराची परीक्षा, क्लास, खेळायला वर्षातले चार दिवस, त्यात तोच खेळ तीनदा खेळणार कोण? खेळ स्वस्तही नाहीत. आणि आम्ही तरी कुठले साधू, गाइड मिळालं असतं तर आम्हीही बघितलं असतं, मिळालं नाही म्हणून पवित्र राहिलो. झालं? लिहिलं. पुढे चला.

दुपारभर मी पडून होतो, झोप नाही. त्या एकतीस बाटल्याच डोक्यात.

आप्पांना, माझ्या वडिलांना, बीपी होतं. डॉक्टरने एक गोळी सांगितली की आप्पा अर्धी करायचे. सुपारीच्या अडकित्त्याने. देवडीत बसून, जिभेचं टोक बाहेर काढून, बरोब्बर मधोमध. तुकडा उडाला तर गुडघ्यावर बसून शोधायचे. आई ओरडायची. आप्पांचं ठरलेलं, "अर्धी गोयी पुरस. कसाले उगाज पैसा गमाडाना?" मी नोकरीला लागलो, पाकिटं आणून देऊ लागलो, तरी अर्धीच. उरलेली पाकिटं बिस्किटाच्या डब्यात.

२०१६ ला आप्पा गेले. तेराव्यानंतर आईने तो डबा माझ्यापुढे ठेवला. कितीतरी पाकिटं, वर्षांमागून वर्षांची, रबर लावून, काहींची तारीख केव्हाच उलटलेली. मी मोजली नाहीत.

तेव्हा मला हा खेळ आठवला, खरं सांगतो. बापाच्या गोळ्यांचा डबा समोर आहे आणि मला जपानमध्ये बनलेला एक खेळ आठवतोय, लाज वाटली. पण आठवला. मी इतकी वर्षं भांडत होतो की ती बचत होती, दुसरं काही नव्हतं. तेवढंच असेल. पण जो माणूस स्वतःसाठी अख्खी गोळी खर्च करत नाही, त्याने स्वतःची किंमत कुठेतरी अर्धी धरलेली असतेच ना? पोरांच्या फीला कधी अर्धी नाही केली त्यांनी. ताईच्या लग्नात कुठे अडकित्ता लावला नाही. म्हणजे त्या खेळाने मला चुकीचं ओळखलं, की मला जे ओळखायचं नव्हतं ते ओळखलं? २००७ ला मी एकोणीस वर्षांचा होतो. जेम्सला एक बाटली पाजायला माझा हात होत नव्हता, आणि हे कुठून आलं ते मला तेव्हा दिसत नव्हतं.

सकाळी भाच्याचा राग आला तो बहुतेक याचाच. त्याला तब्येत कमी झालेली चालतच नाही. जरा खरचटलं की बाटली. तक्त्यात लिहिलंय म्हणून पितो, पण पितो. बघून माझाच जीव वर-खाली, वाटतं हात धरावा, अरे पुढे लागतील. नव्या पिढीचं हे बरं आहे की वाईट, मला नाही ठरवता येत, आणि आज ठरवायचंही नाही.

आत्ता रात्रीचे साडेनऊ. हे लिहीत होतो तेवढ्यात आतून ओळखीचा आवाज आला म्हणून उठून गेलो. भाचा शेवटाला पोचला आहे. तो लांबलचक बोळ. चालता चालता जेम्स आणि मेरीचं जुनं बोलणं ऐकू येतं, हॉस्पिटलातलं. याने फुलं नेलेली असतात, ती चिडते, फुलं कशाला आणलीस, जा घरी म्हणते, वाट्टेल ते बोलते. आणि मग एकदम रडायला लागते, जाऊ नको म्हणते, बस जवळ म्हणते.

आप्पा शेवटच्या आठवड्यात असेच. मला म्हणाले होते, बिल वाढाडी राह्यना, चालना जाय घर. मी रागाने उठलो तर शर्टाची बाही धरली. सोडेचनात.

दारात ताई येऊन उभी. हातात पोरासाठी आमरसाची वाटी. तिला ना खेळ माहीत, ना इंग्रजी धड कळतं. थोडा वेळ ऐकत राहिली, मग मला हळूच विचारलं, "कोन आजारी शे रे?"

मला बोलता येईना. भाच्याने पडद्यावरची नजर न काढता हात वर केला.

"थांब आई. पूर्ण ऐकायचंय. पॉइंट असतात."