केस कासांडरचं नाव कुणीच का घेत नाही?

ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ग्रीनवेचे पिक्चर बघितलेले लोक आपल्या फिल्म सोसायटीवाल्यांत चिक्कार आहेत, फ्रेम कशी पेंटिंगसारखी, मायकल नायमनचं म्युझिक कसलं भारी, यावर रात्रभर बोलतील. पण हे असले पिक्चर उभे कुणी केले विचारा, सगळे गप्प. केस कासांडर. डच निर्माता.

गडी आधी रॉटरडॅम फिल्म फेस्टिव्हलमध्ये, तो फेस्टिव्हल सुरू करणाऱ्या ह्युबर्ट बाल्सबरोबर होता (हो, तोच बाल्स ज्याच्या नावाच्या फंडातून पुढे आपल्या 'कोर्ट'च्या स्क्रिप्टला पैसे मिळाले). मग 1985 ला ग्रीनवेचा 'अ झेड अँड टू नॉट्स', तोही रॉटरडॅमच्या प्राणिसंग्रहालयात शूट केलेला, आणि तिथून थेट 2012 च्या 'गोल्ट्झियस'पर्यंत, मधला एखादा सोडला तर हाच माणूस मागे उभा. आता ग्रीनवे म्हणजे काय, गोष्ट सरळ सांगणार नाही, प्रेक्षकाची फिकीर नाही, अशा माणसावर पंचवीसेक वर्षं पैसे लावायचे म्हणजे चेष्टा आहे का राव?

आणि पैसे तरी कुठले, देश एवढासा, डच मार्केट त्याहून एवढंसं, एकट्या हॉलंडच्या जिवावर काही होत नाही, म्हणून थोडे ब्रिटनचे, थोडे फ्रान्सचे, थोडे पोलंडचे असं गोधडीसारखं जोडायचं, बरं प्रत्येकाची अट वेगळी, आमच्याकडे खर्च करा, आमची माणसं घ्या. ग्रीनवेचा 'नाइटवॉचिंग' बघा, चित्रकार रेम्ब्रांवरचा. रेम्ब्रां डच, दिग्दर्शक ब्रिटिश, रेम्ब्रां झालेला मार्टिन फ्रीमन इंग्रज, शूटिंग पोलंडमध्ये! लोकांना हे कलात्मक वाटतं, माझ्या मते निम्मं तरी हिशेबाचं असणार. आणि तरी पिक्चर पडद्यावर ग्रीनवेचाच वाटतो, ही खरी कमाल.

आपल्याकडे निर्माता म्हणजे बिल्डर किंवा पोस्टरवर सगळ्यात मोठं नाव टाकणारा भाऊ, त्यामुळे हे काम काय असतं तेच कळत नाही आपल्याला.

सगळंच ग्रेट होतं असं नाही हं. अमेरिकन दिग्दर्शक लॅरी क्लार्कचा 'केन पार्क' (2002) कासांडरनेच काढलेला, ऑस्ट्रेलियात बंदी आली, मला तो झेपला नाही आणि बंदी आली म्हणून तो चांगला असंही मी म्हणणार नाही. पण त्यानंतर चारच वर्षांनी हाच माणूस 'क्रुसेड इन जीन्स' नावाचा पोरांचा पिक्चर काढतो, काय म्हणावं!

आणि 'फिश टँक', 2009. दिग्दर्शन अँड्रिया अर्नॉल्डचं, निर्माता पुन्हा कासांडर. हिरोइन केटी जार्व्हिस, कधी अॅक्टिंग केली नव्हती, इंग्लंडात एसेक्समध्ये एका रेल्वे स्टेशनवर बॉयफ्रेंडशी भांडताना दिसली आणि घेतली. कान फिल्म फेस्टिव्हलला ज्युरी प्राइझ, पुढच्या वर्षी ब्रिटनचं बाफ्टा अवॉर्ड. श्रेय अर्नॉल्डचंच, वाद नाही, पण अशा पोरीवर अख्खा पिक्चर उभा करायला निर्मात्याने मान डोलवावी लागते, आणि बहुतेक जण ती डोलवत नाहीत.

नवीन असाल तर आधी 'फिश टँक' बघा, ग्रीनवे नंतर. आणि ग्रीनवेचा 'द कुक, द थीफ' जेवताना लावू नका, सांगितलं नाही म्हणाल.