इंडेक्स-टू हाती आला म्हणून बोजा उतरत नाही

ठाणे आणि नवी मुंबईत पुनर्विक्रीचे घर घेऊ पाहणाऱ्यांमध्ये व्हॉट्सॲपवरून एक मजकूर फिरतो आहे. दुय्यम निबंधक बोजा, म्हणजे घरावरचे कर्ज किंवा गहाण, तपासूनच दस्त नोंदवतात, बोजा असलेल्या घराची नोंदणी होतच नाही, आणि इंडेक्स-टू, म्हणजे नोंदलेल्या दस्ताचा गोषवारा, मिळाला की जुने कर्ज ही केवळ विकणाऱ्याची डोकेदुखी राहते, असा त्याचा आशय आहे. तिन्ही विधाने चुकीची आहेत. तिसऱ्यापायी घर जाऊ शकते.

नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ३४ व ३५ प्रमाणे दुय्यम निबंधक दस्त करून देणारी व्यक्ती तीच आहे का आणि तिने दस्त केल्याचे कबूल केले का, हे पाहतो. शिवाय दस्त चार महिन्यांच्या मुदतीत आला का आणि मुद्रांक शुल्क पुरेसे आहे का, हेही तपासले जाते. मालकी निर्वेध आहे की नाही, याचा निवाडा त्याने करायचा नसतो. मूळ दस्त आणि बोजा प्रमाणपत्र दाखवल्याशिवाय नोंदणी न करण्याचा नियम तमिळनाडूने केला होता; सर्वोच्च न्यायालयाने ७ एप्रिल २०२५ रोजी तो नेमक्या याच कारणाने रद्द ठरवला. कायद्याने थेट मनाई केलेले व्यवहार नाकारता येतात हे खरे, पण घरावर बँकेचे कर्ज असणे ही तशी मनाई नव्हे.

दुसऱ्या विधानाचे उत्तर यातच आले. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ चे कलम ५५ तर बोजासह विक्री गृहीतच धरते: तशी अट नसेल तर बोजा फेडण्याची जबाबदारी विकणाऱ्याची, असे ते सांगते.

मात्र ही जबाबदारी विकणारा आणि घेणारा यांच्यातली आहे, बँक तिने बांधली जात नाही, आणि मजकूर लिहिणाऱ्याची सगळी गफलत इथे आहे. गहाण मालमत्तेवर असते, आणि विकणाऱ्याला स्वतःकडे आहे त्याहून अधिक हक्क देता येत नाही. त्यामुळे खरेदीदाराच्या हाती घर येते ते गहाणासकट. आपल्याला कल्पना नव्हती हा बचावही सहसा चालत नाही, कारण आधीच्या नोंदणीकृत दस्ताची माहिती खरेदीदाराला होती असे कायदा मानून चालतो. हप्ते थकले तर बँक सरफेसी या बँकांच्या कर्जवसुलीच्या कायद्याच्या कलम १३(२) खाली साठ दिवसांची नोटीस देते, आणि पुढे कलम १४ खाली जिल्हा दंडाधिकाऱ्यांच्या मदतीने ताबा घेऊ शकते, मग घरात खरेदीदार राहत असला तरी. ‘घर निर्वेध आहे’ असे पाचशे रुपयांच्या मुद्रांकावर लिहून घेतल्याने खरेदीदाराला विकणाऱ्यावर दावा लावता येतो, पण तोवर तो विकणारा पैसे घेऊन कुठे असेल, हा प्रश्न उरतोच.

अडचण अशी की बरीच गृहकर्जे मूळ करारनामा बँकेत ठेवून दिलेली असतात. अशा गहाणाची सूचना तीस दिवसांत नोंदवण्याचे बंधन महाराष्ट्रात १ एप्रिल २०१३ पासून आले. त्याआधीचे कर्ज नोंदणी विभागाच्या ई-सर्चमध्ये दिसेलच असे नाही. म्हणून वकिलाच्या सर्च रिपोर्टबरोबर सरसाई या गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीतल्या नोंदी पाहाव्यात आणि मूळ कागद प्रत्यक्ष मागावेत. विकणारा झेरॉक्सच पुढे करत राहिला तर मूळ प्रत कुठे आहे, हे विचारायला संकोच कशाला? नवी मुंबईत सिडकोचा भाडेपट्टा कायम असेल, तर गहाणासाठी दिलेली ना-हरकत सिडकोच्या फायलीत सापडू शकते, आणि हस्तांतरणाची परवानगी वेगळी घ्यावी लागते.

कर्ज असलेले घर घ्यायचेच असेल तर विकणाऱ्याच्या बँकेकडून थकीत रकमेचे आणि तिच्याकडील मूळ कागदांच्या यादीचे पत्र घ्यावे, आणि तेवढी रक्कम विकणाऱ्याच्या हाती न देता थेट त्याच्या कर्जखात्यात भरावी. रिझर्व्ह बँकेने १३ सप्टेंबर २०२३ च्या परिपत्रकाने आणलेल्या नियमानुसार पूर्ण फेडीनंतर तीस दिवसांत मूळ कागद परत करणे बँकेला बंधनकारक आहे, आणि तिच्यामुळे उशीर झाल्यास दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते.