सीबीआय मॅजिस्ट्रेट देत नाही

तपासावर भरवसा नसेल तर तालुक्याच्या मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करून सीबीआय मागा, असं संशयास्पद मृत्यूंवरच्या एका लेखात म्हटलंय. ते चूक. मॅजिस्ट्रेट पोलीस ठाण्याला गुन्हा नोंदवून तपास करायला सांगू शकतो, सीबीआयला नाही. त्यासाठी आपल्या बेळगाववाल्यांना हायकोर्टाच्या धारवाड खंडपीठात राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करावी लागते. कर्नाटकानं २०२४ मध्ये सीबीआयला राज्यात तपासासाठी दिलेली सरसकट संमती काढून घेतली, तरी हायकोर्टाच्या आदेशाला ती लागत नाही. सुप्रीम कोर्टानं २०१० मध्येच तसं सांगितलंय. मात्र हा अधिकार क्वचितच वापरा, असंही त्याच निकालात आहे.

दुसरं, लेखात पंचनाम्याबद्दल अवाक्षर नाही. माझा आतेभाऊ विहिरीत सापडला तेव्हा ठाण्यात यूडीआर (अनैसर्गिक मृत्यूचा अहवाल) कन्नडमध्ये लिहिला. मामांना कन्नड वाचता येत नाही, रडत रडत सही केली. आत होतं 'पाय घसरून पडला, कुणावर संशय नाही'. आणि चपला? काठावर शेजारी शेजारी काढून ठेवलेल्या! घसरणारा माणूस आधी चपला काढतो होय? पुढं वकिलांनी पहिल्यांदा तीच सही समोर ठेवली. तेव्हा सही करण्याआधी कागद मराठीत वाचून घ्या, संशय असेल तर लेखी द्या आणि पोच घ्या.